ज्याँ-बातिस्त : एका जोडनावाची कूळकथा

अर्थशास्त्राच्या मराठी पाठ्यपुस्तकांत 'जे. बी. से' यांचा बाजारविषयक नियम येतो. राज्यशास्त्राच्या पुस्तकांत 'जे. जे. रूसो' येतात. जीवशास्त्राचे विद्यार्थी लामार्कचे नाव घेतात, तेव्हा त्यामागेही कुठेतरी 'जे. बी.' असतेच. ही आद्याक्षरे वाचताना आपली नामपद्धती नकळत आड येते. आधी स्वतःचे नाव, मग वडिलांचे, शेवटी आडनाव, ही चौकट आपल्या डोक्यात इतकी पक्की बसलेली असते की 'बी' म्हणजे बाप्टिस्ट नावाचे कोणी तीर्थरूप असणार, असे आपण गृहीत धरून चालतो. वस्तुस्थिती निराळी आहे. रूसोच्या वडिलांचे नाव इझाक होते आणि से यांच्या वडिलांचे ज्याँ-एतिएन. या नावांना मधले नावच नाही. 'ज्याँ-बातिस्त' हे सबंध एकच नाव आहे. फ्रेंच लोक त्याची आद्याक्षरे देतात, तेव्हाही दोन अक्षरांमधली आडवी रेघ ते काढून टाकत नाहीत.

आणखी एका कारणाने आपली दिशाभूल होते. महाराष्ट्राला 'बाप्टिस्टा' हे आडनाव चांगले परिचयाचे आहे. लोकमान्य टिळकांचे सहकारी, १९१६ साली स्थापन झालेल्या होमरूल लीगचे पहिले अध्यक्ष आणि १९२५ मध्ये मुंबईचे महापौर झालेले जोसेफ उर्फ काका बाप्टिस्टा (१८६४–१९३०) यांच्यामुळे हा शब्द आपल्या कानाला आडनाव म्हणूनच ओळखीचा झाला. मुळात शब्द एकच. पोर्तुगीजांच्या वाटेने आला तेव्हा त्याला शेवटी 'आ' लागला. फ्रेंच उच्चारात मात्र मधला 'प' गळतो. लिहिताना तो असतो, बोलताना नसतो. म्हणून आम्ही येथे 'बातिस्त' असे लिहीत आहोत. ज्यांना 'बाप्तिस्त' रुचत असेल त्यांच्याशी आमचे भांडण नाही.

या नावाचे दोन अवयव दोन भाषांमधून आले आहेत. पहिला हिब्रू. योहानान, म्हणजे 'यहोवाने कृपा केली'. ग्रीकमध्ये त्याचे इओआन्नेस झाले, लॅटिनमध्ये योहान्नेस, जुन्या फ्रेंचमध्ये जेहान, आणि झिजत झिजत शेवटी ज्याँ. आपल्याकडच्या योहान, जॉन, जुवांव या सगळ्यांचे कूळ हेच. दुसरा अवयव ग्रीक. 'बाप्तिझेइन' म्हणजे बुडवणे, पाण्यात घालून काढणे; 'बाप्तिस्तेस' म्हणजे बुडवणारा. याचा अर्थ असा की जोडनावाचा पहिला भाग हे एका माणसाचे नाव आहे आणि दुसरा भाग हे त्या माणसाचे काम आहे. ज्याँ-पिएर किंवा ज्याँ-पोल ही नावे दोन संतांना शेजारी बसवून तयार झालेली आहेत. ज्याँ-बातिस्त त्या जातीचे नाही. इथे संत एकच आहे. त्याची ओळख सांगणारी उपाधी नावाला चिकटली आणि नावाचाच भाग होऊन बसली.

मराठी बायबलात हाच पुरुष 'बाप्तिस्मा करणारा योहान' या नावाने येतो, इंग्रजीत 'जॉन द बॅप्टिस्ट' असा. या दोन्ही भाषांत ते वर्णन आहे, आणि वर्णन कोणी आपल्या मुलाला ठेवत नाही. फ्रेंचमध्ये तसा फरक उरलेला नाही. चर्चमधला संत सें ज्याँ-बातिस्त आणि शेजारच्या घरातला खोडकर ज्याँ-बातिस्त यांचे नाव तंतोतंत एकच. इटालियनमधले जोव्हान्नी बात्तिस्ता, स्पॅनिशमधले ह्वान बाउतिस्ता, पोर्तुगीजमधले जुवांव बाप्तिस्ता ही याची सख्खी भावंडे. त्यामुळे फ्रेंच वाचकाला जो संदर्भ हाक मारताक्षणी ऐकू येतो, तो आपल्याला टीपेतून शोधावा लागतो. या नावाबाबत आमचा मुख्य मुद्दा हाच आहे आणि शेवटी आम्ही त्याकडे परत येणार आहोत.

लूकच्या शुभवर्तमानात या योहानाच्या नामकरणाचा जो प्रसंग आहे, तो कोणत्याही बारशाच्या घरात शोभावा असा आहे. जखऱ्या हा वृद्ध याजक. म्हातारपणी मुलगा होईल या देवदूताच्या सांगण्यावर त्याचा विश्वास बसला नाही, म्हणून त्याची वाचा गेली. मूल झाले. आठव्या दिवशी नातेवाईक जमले आणि रिवाजाप्रमाणे वडिलांचेच नाव ठेवायला निघाले. आई अलीशिबा म्हणाली, योहान. नातेवाइकांनी हरकत घेतली की आपल्या गोतात हे नाव कोणाचेच नाही. खुणा करून बापाला विचारले, तेव्हा त्याने पाटी मागवली आणि तिच्यावर योहान हेच नाव लिहिले. लिहिताच त्याची वाचा परत आली. घराण्याची परंपरा मोडून आलेले हे नाव. पुढे निम्म्या युरोपात तेच घराण्याची परंपरा म्हणून पिढ्यान्‌पिढ्या ठेवले गेले, याची मौज वाटल्याशिवाय राहत नाही.

फ्रान्समध्ये नावाचा कागदोपत्री इतिहास १५३९ पासून बराच स्पष्ट होतो. त्या वर्षी पहिल्या फ्रांस्वा राजाने विले-कोतरे येथे काढलेल्या हुकुमाने प्रत्येक पॅरिशला बाप्तिस्म्याची नोंदवही ठेवणे भाग पडले. पुढे १५६६ च्या रोमन धर्मशिक्षणपुस्तिकेने बालकाला एखाद्या संताचे नाव द्यावे, असे सांगितले. नाव निवडण्याचा मान सामान्यतः धर्मपित्याचा, आणि तो बहुधा स्वतःचेच नाव देई. नावांचा साठा मर्यादित, त्यात ज्याँ हे सर्वांत वापरातले. परिणाम असा की एकाच घरात बाप ज्याँ, थोरला ज्याँ आणि धाकटाही ज्याँ. हाक मारली की तिघे वळणार.

मोलिएरच्या घरात नेमके हेच झाले. १५ जानेवारी १६२२ रोजी पॅरिसच्या सेंत-उस्ताश चर्चमध्ये त्याचा बाप्तिस्मा झाला, त्या नोंदीत त्याचे नाव नुसते 'ज्याँ' आहे. वडील ज्याँ पोक्लँ. काही काळाने धाकटा भाऊ झाला, त्यालाही ज्याँ हेच नाव पडले. मग थोरल्याला घरात ज्याँ-बातिस्त म्हणू लागले. ज्याच्या 'लाव्हार'वरून आचार्य अत्र्यांनी 'कवडीचुंबक' रचले, त्या नाटककाराला जोडनाव मिळाले ते धार्मिक भावनेपेक्षा घरगुती सोयीपोटी. १६४४ मध्ये त्याने 'मोलिएर' हे नाव घेतले आणि सोय व संत दोन्ही मागे टाकले.

हा प्रकार एकट्या मोलिएरचा नव्हे. १७६३ साली पो या गावी बेर्नादोत नावाच्या कुटुंबात मुलगा झाला. थोरला भाऊ होता ज्याँ-एव्हांजेलिस्त, म्हणजे शुभवर्तमानकार योहानाच्या नावाचा. धाकट्याची ओळख वेगळी पडावी म्हणून त्याच्या नावाला बातिस्त जोडले गेले. ख्रिस्ती पंचांगात हे दोन योहान वर्षाच्या दोन टोकांना उभे आहेत. एकाचा सण २४ जूनला, दुसऱ्याचा २७ डिसेंबरला. बेर्नादोतांच्या घरात ते एकाच ताटाला जेवत होते. हा धाकटा पुढे नेपोलियनचा सेनापती झाला, १८१० मध्ये स्वीडनच्या गादीचा वारस म्हणून निवडला गेला आणि १८१८ साली चौदावा कार्ल योहान या नावाने राजा झाला. त्यात योहान टिकला. बातिस्त फ्रान्समध्येच राहिला.

मोलिएरचा काही काळचा सहकारी ल्युली हा मूळचा फ्लॉरेन्सचा जोव्हान्नी बात्तिस्ता लुल्ली. फ्लॉरेन्सचा रक्षक संतच योहान असल्यामुळे तिथे हे नाव घरोघर. १६६१ मध्ये तो फ्रेंच प्रजाजन झाला आणि त्याच्या नावानेही फ्रेंच वेष घेतला. १६७० च्या 'ल बुर्जुआ जांतियोम'मध्ये शब्द एका ज्याँ-बातिस्तचे आणि संगीत दुसऱ्याचे आहे. रूसोच्या बाबतीत तर हे नाव चक्क वाट अडवून उभे होते. ज्याँ-जाक रूसो पॅरिसला आला त्या आधीपासून ज्याँ-बातिस्त रूसो (१६७१–१७४१) नावाचा कवी प्रसिद्ध होता, आणि 'रूसो' म्हटले की लोकांना तोच आठवे. ज्याँ-जाकला सगळे जग पहिल्या नावाने ओळखू लागले याची इतर कारणे आहेतच. पण या कवीचाही त्याला थोडा हातभार आहे. पुढे स्वतःवरच खटला भरणारा संवादग्रंथ लिहिताना रूसोने शीर्षकातच आडनावाला न्यायाधीश केले आणि जोडनावाला आरोपी. मराठीत 'जे. जे.' लिहून आपण तो आरोपीच गायब करतो.

क्रांतीने नावांवरही हात टाकला. २० सप्टेंबर १७९२ च्या कायद्याने जन्ममृत्यूच्या नोंदी चर्चकडून नगरपालिकांकडे गेल्या आणि काही वर्षे ज्याला जे वाटेल ते नाव ठेवण्याची मुभा मिळाली. ज्याँ-बातिस्त द्यु व्हाल-द-ग्रास, बॅरन द क्लोट्स, हा उमराव संताचे नाव टाकून प्राचीन सिथियन तत्त्वज्ञ आनाकार्सिसचे नाव धारण करता झाला. ही मोकळीक फार टिकली नाही. अकराव्या वर्षाच्या जर्मिनल महिन्याच्या ११ तारखेच्या, म्हणजे १ एप्रिल १८०३ च्या, कायद्याने पंचांगांतली नावे आणि प्राचीन इतिहासातल्या प्रसिद्ध व्यक्तींची नावे एवढीच ग्राह्य ठरली. ही चौकट सैल होत होत अखेर ८ जानेवारी १९९३ च्या कायद्याने सुटली. ज्याँ-बातिस्तला या सगळ्याची झळ पोहोचण्याचे कारणच नव्हते; ते पंचांगात पक्के बसलेले होते.

मात्र हे नाव सर्वांनाच प्रेमाने मिळाले असे नाही. १६८५ च्या 'कोद न्वार' या गुलामांविषयीच्या संहितेने फ्रेंच वसाहतींतील गुलामांचा कॅथलिक बाप्तिस्मा सक्तीचा केला होता, आणि बाप्तिस्म्याबरोबर संताचे नाव आलेच. सें-दोमिंग, म्हणजे आजचे हैती, येथील ज्याँ-बातिस्त बेले एकेकाळी गुलाम होता; त्याने स्वतःचे स्वातंत्र्य विकत घेतले. ३ फेब्रुवारी १७९४ रोजी तो पॅरिसच्या राष्ट्रीय अधिवेशनात प्रतिनिधी म्हणून बसला आणि दुसऱ्याच दिवशी त्या सभेने गुलामगिरी रद्द केली. चित्रकार जिरोदेने १७९७ मध्ये काढलेले त्याचे व्यक्तिचित्र प्रसिद्ध आहे. गुलामगिरीचा टीकाकार रेनाल याच्या संगमरवरी अर्धपुतळ्याला टेकून बेले रेलून उभा आहे. नेपोलियनने १८०२ साली गुलामगिरी पुन्हा आणली. बेले १८०५ मध्ये कैदेत वारला. हैतीत आज 'ज्याँ-बातिस्त' हे सरसकट आढळणारे आडनाव आहे. मालकाच्या धर्माने दिलेले नाव तिथे मुक्त झालेल्यांच्या घराण्यांचे नाव झाले.

कॅनडातील क्वेबेकमध्ये ते सबंध समाजाचे टोपणनाव झाले. १८३४ मध्ये ल्युद्जे द्युव्हेर्ने याने २४ जूनची मेजवानी भरवून या संताला फ्रेंच कॅनेडियनांच्या अस्मितेशी जोडले. १९७७ पासून तो दिवस क्वेबेकचा राष्ट्रीय सण आहे. आता तिथे संत मागे पडला आणि झेंडे पुढे आले, पण लोक बोलताना अजून 'सें-ज्याँ'च म्हणतात.

फ्रान्सच्या रंगभूमीवर या नावाने वेगळेच सोंग घेतले. नुसते 'बातिस्त' म्हणजे प्रहसनातला भोळा, थंड नोकर. 'बातिस्तसारखा निवांत' असा वाक्प्रचार फ्रेंचमध्ये आजही आहे. एकोणिसाव्या शतकात पॅरिसच्या फ्युनांब्युल रंगमंचावर बोहेमियात जन्मलेला मूकनट ज्याँ-गास्पार देब्युरो याने 'बातिस्त' हेच नाव धारण केले. मार्सेल कार्नेच्या १९४५ च्या 'ले झांफां द्यु पारादी' या चित्रपटात ज्याँ-लुई बारोने तो साकार केला आहे. अरण्यात ओरडून सांगणारा म्हणून ज्याची ख्याती, त्याचे नाव अखेर एका शब्दही न बोलणाऱ्या नटाला मिळाले. जखऱ्याचा मुकेपणा असा फिरून आला, असे आम्हाला वाटते. अर्थात हा आमचा खेळ आहे, इतिहास नव्हे.

२४ जूनच्या सणाबद्दल थोडे सांगायला हवे, कारण नावाचा गाभा तिथे आहे. ख्रिस्तजन्माच्या बरोबर सहा महिने आधी योहानाचा जन्म मानला जातो. उत्तरायण संपत आलेले असते. यानंतर दिवस लहान होऊ लागतो. मागून येणारा मोठा होत जावा आणि आपण कमी कमी होत जावे, असे योहान स्वतःविषयी म्हणतो, आणि संत ऑगस्टीनने त्याची सांगड या घटत्या दिवसाशी घातली. ज्याँ-बातिस्त हे वर्दी देणाऱ्याचे नाव आहे. तो स्वतः नायक नाही. नायक येतो आहे असे सांगून बाजूला होणारा आहे. फ्रान्समध्ये या रात्री होळ्या पेटतात. गोव्यात पावसाने विहिरी भरलेल्या असतात, आणि सांजांवच्या दिवशी डोक्यावर पानाफुलांचे कोपेल घालून तरुण, विशेषतः नवे जावई, त्यांत उड्या मारतात. आईच्या पोटात योहानाने घेतलेल्या उडीची ही आठवण, असे सांगतात. त्या दिवशी योहानाच्या नावाने पाण्यात उतरणे हाच सण असतो.

आता जो पाण्यात उतरला नाही, त्याच्याकडे वळतो.

आल्बेर कामूची 'ला श्यूत' ही कादंबरिका १९५६ साली आली. आपल्याकडे ती 'द फॉल' या इंग्रजी नावाने वाचली जाते. ॲमस्टरडॅममधल्या 'मेक्सिको सिटी' नावाच्या बारमध्ये एक माणूस एका अनोळखी गिऱ्हाइकाशी बोलत सुटतो, आणि सबंध पुस्तक म्हणजे त्याचे ते बोलणे. तो आपले नाव सांगतो : ज्याँ-बातिस्त क्लामांस. पूर्वी पॅरिसमध्ये तो नावाजलेला वकील होता. एका नोव्हेंबरच्या रात्री पाँ रोयाल या पुलावरून जाताना कठड्याशी वाकलेली एक तरुणी त्याला दिसते. तो पुढे जातो. मागे पाण्यात काही पडल्याचा आवाज येतो, प्रवाहाबरोबर दूर जाणारी किंकाळी ऐकू येते. तो थांबतो, पण वळत नाही, उडी मारत नाही, कोणाला काही सांगत नाही. तेव्हापासून रात्री पूल ओलांडायचा नाही असे त्याने ठरवले आहे.

नावाचे दोन्ही अवयव आता जुळवून पाहावेत. 'बुडवणारा' हे नाव धारण करणारा हा माणूस पाण्याच्या काठावर उभा राहिला आणि कोरडा परत गेला. 'क्लामांस' या आडनावात लॅटिन 'क्लामान्स', म्हणजे हाक देणारा, ऐकू येतो. लॅटिन बायबलात अरण्यात घोषणा करणाऱ्या योहानासाठी हाच शब्द आहे. याचे अरण्य म्हणजे धुके, कालवे आणि जिनची दुकाने. बाप्तिस्म्याच्या वेळी आत्मा कबुतराच्या रूपाने खाली उतरला. कामूच्या हॉलंडमध्ये कबुतरे आकाशात घिरट्या घालतात आणि उतरायला त्यांना जागा सापडत नाही. योहानाने कोकराकडे बोट दाखवले. क्लामांसच्या कपाटात व्हान आइक बंधूंच्या 'कोकराच्या पूजे'तला चोरीला गेलेला फलक दडवलेला आहे. तो फलक १९३४ मध्ये गेंटहून खरोखरच चोरीस गेला. त्याच्यावर 'न्यायी न्यायाधीश' आहेत. म्हणजे न्यायाधीश याच्या कपाटात आणि कोकरू दुसऱ्या देशात. योहानाचा शिरच्छेद झाला. शेवटच्या पानांत क्लामांसही आपले तुटलेले डोके गर्दीच्या वर उचलले जात असल्याचे चित्र मोठ्या चवीने रंगवतो.

एकच गोष्ट जुळत नाही, आणि तीच सर्वांत महत्त्वाची. योहान कमी होत जातो. क्लामांस कमी व्हायला तयार नाही. तो पापाची कबुली देतो ती ऐकणाऱ्याला आरशापुढे उभे करण्यासाठी, म्हणजे शेवटी न्यायाधीशाची खुर्ची आपल्यालाच मिळावी म्हणून. वर्दी देणारा आहे, पण मागून येणारा कोणीच नाही. इतकी कडवट गोष्ट कामूने नायकाच्या नावात ठेवली, त्याविषयी कुठे भाषण केले नाही. आणि एक बारीक फिरकी राहिलीच. सुरुवातीच्या भागातच क्लामांस जाताजाता सांगून टाकतो की आपण सांगितलेले नाव खरे नाही. म्हणजे हे त्याच्या धर्मपित्याने दिलेले नाव नव्हे. घरात तिघे ज्याँ होते म्हणून सोयीसाठी जोडलेलेही नव्हे. उपलब्ध सर्व नावांतून त्याने स्वतःसाठी निवडलेले ते सोंग आहे.

आम्ही ही कादंबरी वर्गात शिकवत होतो, तेव्हा पुष्कळ वर्षे फळ्यावर 'जे. बी. क्लामांस' असेच लिहीत आलो. पात्रांची यादी उतरवून घेताना मुलांनीही ते तसेच वह्यांत लिहून घेतले. एकदा एका विद्यार्थिनीने विचारले, यातला 'बी' कोण? तिला वाटले होते, वकिलाचे वडील. उत्तर द्यायला उभे राहिल्यावर आमच्या लक्षात आले की तासाभराचा मजकूर आपण दोन टिंबांत गाडून टाकला आहे. त्यानंतर आम्ही नाव पूर्ण लिहितो, मधल्या आडव्या रेघेसकट, आणि त्या दिवशी पुढचे पान वाचायचे राहून जाते.